ब्राझीलवृक्ष : एका नावाचा व एका झाडाचा इतिहास

देशांना नावे पडतात ती बहुधा तेथील लोकांवरून, नद्यांवरून, नाहीतर एखाद्या राजाच्या वा शोधकाच्या स्मरणार्थ. दक्षिण अमेरिकेतील सर्वांत मोठ्या देशाची गोष्ट निराळी आहे. ब्राझील हे नाव त्या देशाला एका झाडाच्या लाकडावरून मिळाले, आणि ते झाड आज त्याच देशात दुर्मिळ झाले आहे. एवढी हकीकत सर्वत्र सांगितली जाते. तिच्यातील अधिक लक्षणीय भाग मात्र सहसा सांगितला जात नाही. तो असा की, ‘ब्राझील’ हे त्या झाडाचेही मूळचे नाव नव्हे. हिंदुस्थान, सिंहलद्वीप व सुमात्रा येथून युरोपात जाणाऱ्या दुसऱ्याच एका लाकडाचे ते व्यापारी नाव होते. म्हणजे नाव आधीचे, झाडाशी त्याचा संबंध नंतरचा आणि देशाशी त्याच्याही नंतरचा. या क्रमाचा माग घेतला असता असे दिसून येते की, ज्या दृष्टीने हे नाव दिले गेले त्याच दृष्टीने पुढे सुमारे साडेतीनशे वर्षे त्या झाडाशी व्यवहार झाला. नावाने झाडातील रंग तेवढा ओळखला, आणि कायद्याने त्या रंगाचा मक्ता तेवढा राखला. ज्या अरण्यात ते झाड वाढे, ते अरण्य या दोहोंच्याही कक्षेबाहेर राहिले.

ज्या झाडाविषयी हे विवेचन करावयाचे आहे त्याचे आजचे शास्त्रीय नाव ‘पाउब्रासिलिया एकिनाटा’ असे आहे. ब्राझीलच्या पूर्व किनाऱ्यालगत अटलांटिक वर्षारण्याचा जो पट्टा पसरला आहे, त्यात उत्तरेस रिओ ग्रांदे दो नोर्ते प्रांतापासून दक्षिणेस रिओ द जानेरोपर्यंत ते निसर्गतः वाढते. जगात इतरत्र ते कोठेही आपण होऊन उगवत नाही. झाड सामान्यतः दहा ते पंधरा मीटर उंच होते. क्वचित त्याहूनही बरेच वाढते. खोडावर, फांद्यांवर आणि शेंगांवरही काटे असतात. फुले पिवळी व सुवासिक असून पाच पाकळ्यांपैकी एकीवर गडद तांबडा डाग असतो. झाडाची वाढ संथ असते. बाहेरचे लाकूड फिकट, पण आतील गाभा ताजा कापला असता नारिंगी दिसतो आणि हवा लागली की लाल होत जातो. या लाल होण्यातच त्याच्या साऱ्या इतिहासाचे बीज आहे.

(१)

ब्राझील या नावाचा आरंभ शोधावयाचा तर प्रथम आशियातील पतंगाकडे वळले पाहिजे. पतंगाचे लाकूड मराठी वाचकाला अगदीच अपरिचित नाही. वनौषधी विकणाऱ्यांच्या दुकानी ते मिळते. केरळात त्याच्या ढलप्या पाण्यात उकळून फिकट गुलाबी रंगाचे पिण्याचे पाणी करण्याची चाल आजही आहे, आणि तेथे त्याला ‘पतिमुखम्’ असे म्हणतात. सोळाव्या शतकातील भावमिश्राच्या निघंटूत पतंगाला रक्तसार, सुरंग, रंजन, पट्टरंजक अशी नावे दिलेली आढळतात. या नावांत दोन वेगळ्या दृष्टी आहेत, हे ध्यानी घेण्यासारखे आहे. ‘रक्तसार’ हे नाव झाडाचे वर्णन करते : ज्याचा गाभा तांबडा ते. ‘पट्टरंजक’ हे नाव माणसाला त्याचा काय उपयोग, ते सांगते : जे वस्त्र रंगविते ते. संस्कृत निघंटूत ही दोन्ही प्रकारची नावे शेजारी शेजारी नांदतात, कारण ती देणारी माणसे झाडही पाहात होती आणि रंगही काढीत होती.

हे लाकूड पश्चिमेकडे निघाले तेव्हा स्थिती पालटली. अरबी व्यापारी त्याला ‘बक्कम’ म्हणत. इटलीत त्याला ‘वेर्झिनो’ आणि फ्रान्स, स्पेन व पोर्तुगाल या देशांत ‘ब्रेझिल’ वा ‘ब्राझिल’ अशा रूपांची नावे रूढ झाली. तेराव्या शतकाच्या अखेरीस मार्को पोलोने कोल्लम, सिंहलद्वीप आणि सुमात्रा येथील या लाकडाचा उल्लेख केला आहे. सुमात्रातून त्याने त्याचे बी व्हेनिसला नेऊन पेरले, पण थंडीमुळे एकही रोप उगवले नाही, असेही तो नमूद करतो. चौदाव्या शतकात फ्लॉरेन्सच्या पेगोलोत्ती याने व्यापाऱ्यांसाठी जी माहितीपुस्तिका लिहिली, तीत ‘वेर्झिनो कोलोंबिनो’ असा एक प्रकार येतो. येथील ‘कोलोंबिनो’ म्हणजे कोलंबमचा, अर्थात मलबार किनाऱ्यावरील कोल्लमचा. एका केरळी बंदराचे नाव अशा रीतीने इटालियन बाजारपेठेत मालाच्या प्रतीचे विशेषण होऊन बसले.

युरोपातील रंगाऱ्याने पतंगाचे झाड कधी पाहिले नव्हते. त्याच्यापर्यंत पोहोचत ते पान, फूल, साल काहीच नसलेले लाकडाचे ओंडके. यामुळे त्याच्या भाषेत ‘ब्राझील’ हा शब्द वनस्पतीचा वाचक न राहता मालाचा वाचक झाला. जे लाकूड पाण्यात तांबडा रंग सोडते आणि तुरटीच्या साह्याने तो कापडावर बसविता येतो, ते ब्राझील. मग ते कोणत्या झाडाचे का असेना. पुढे जे घडले त्याची शक्यता शब्दाच्या या अर्थातच होती.

शब्दाच्या व्युत्पत्तीविषयी एकमत नाही. पोर्तुगीज व स्पॅनिश भाषांतील ‘ब्रासा’, फ्रेंचमधील ‘ब्रेझ’ म्हणजे धगधगता निखारा. त्याच्या वर्णावरून लाकडाला हे नाव पडले, हे मत अधिक प्रचलित आहे. उलटपक्षी इटालियन ‘वेर्झिनो’ या रूपाकडे लक्ष वेधून काहींनी अरबीतील ‘वर्स’ या पिवळा रंग देणाऱ्या वनस्पतीच्या नावाशी संबंध सुचविला आहे. तो मान्य केला तर निखाऱ्याचा अर्थ लोकांनी मागाहून जोडला असे म्हणावे लागेल. आयर्लंडच्या पश्चिमेस समुद्रात ‘ब्राझील’ नावाचे एक काल्पनिक बेट चौदाव्या शतकापासून नकाशांवर दाखविले जाई. देशाचे नाव त्यावरून आले असेही कोणी म्हणतात. परंतु सोळाव्या शतकातील पोर्तुगीज लेखकांनीच नामांतराचे कारण म्हणून लाकडाचा स्पष्ट निर्देश केला असल्यामुळे हा तर्क टिकत नाही. ध्वनिसाम्य हा व्युत्पत्तीचा पुरावा नव्हे, याचे हे एक चांगले उदाहरण होय.

(२)

९ मार्च १५०० रोजी पेद्रो आल्व्हारिस काब्राल तेरा जहाजे घेऊन लिस्बनहून हिंदुस्थानकडे निघाला. वाटेत नैर्ऋत्येला बरेच दूर गेल्यावर २२ एप्रिल रोजी त्याला एक अज्ञात किनारा दिसला. ताफ्याबरोबर असलेल्या पेरो व्हाझ द कामिन्या याने तेथून १ मे रोजी राजाला सविस्तर पत्र लिहिले. त्यात तेथील माणसे, त्यांचे वर्तन, पक्षी, उंच झाडी यांची वर्णने आहेत. रंगाच्या लाकडाचा उल्लेख नाही. नव्या भूमीला प्रथम ‘व्हेरा क्रूझ’चे बेट आणि लगेच पुढे ‘सांता क्रूझ’, म्हणजे पवित्र क्रुसाची भूमी, असे नाव देण्यात आले. एक जहाज ही वार्ता घेऊन परत गेले. उरलेल्या ताफ्यापैकी काही जहाजे वादळात बुडाली, आणि जी वाचली ती सप्टेंबरमध्ये कालिकतला पोहोचली. कामिन्या त्याच वर्षी डिसेंबरात कालिकतच्या वखारीवरील हल्ल्यात मारला गेला. जुन्या ब्राझीललाकडाचा मलबार आणि नव्या ब्राझीललाकडाचा किनारा या दोहोंना एकाच सफरीत त्या ताफ्याचे पाय लागले, ही गोष्ट नावाच्या इतिहासात अर्थपूर्ण आहे. आशियातील ब्राझील पोर्तुगीजांना परिचित होते, म्हणूनच दुसऱ्या खंडात तसाच तांबडा गाभा दिसताच त्याला कोणते नाव द्यावयाचे हा प्रश्न त्यांना पडला नाही.

नवा किनारा पाहणाऱ्या पुढील सफरींत हे लाकूड विपुल असल्याचे कळून आले आणि १५०२ मध्ये राजाने त्याचा मक्ता फेर्नांव द नोरोन्या व त्याचे भागीदार यांना दिला. दरवर्षी सहा जहाजे पाठवावीत, किनाऱ्याचा काही भाग नव्याने शोधावा आणि एक गढी बांधून राखावी, अशा त्याच्या अटी होत्या. त्या सुमारास लिस्बनमध्ये राहून व्हेनिसला बातम्या पुरविणाऱ्या एका हेराने वर्षाला वीस हजार क्विंटल लाकूड येत असल्याचे लिहिले आहे. तेव्हाचे पोर्तुगीज क्विंटल सुमारे ५९ किलोचे धरले, तर हा आकडा पावणेबाराशे टनांच्या घरात जातो. एका जहाजाची हकीकत अधिक तपशिलाने उपलब्ध आहे. १५११ मध्ये ‘ब्रेतोआ’ हे जहाज काबो फ्रिओ येथील वखारीतून सुमारे पाच हजार ओंडके घेऊन परतले. त्याच जहाजात पोपट, माकडे, रानमांजरे आणि गुलाम केलेली सुमारे पस्तीस माणसेही होती. मालाच्या एकाच यादीत या सर्वांची नोंद आहे.

हळूहळू सांता क्रूझ हे नाव मागे पडले आणि ‘ब्राझीलची भूमी’ हे नाव व्यवहारात आले. ‘दशकां’च्या कर्तृत्वामुळे हिंदुस्थानच्या अभ्यासकांना परिचित असलेला इतिहासकार जुआंव द बारोस याने १५५२ साली प्रसिद्ध झालेल्या पहिल्या दशकात या नामांतराबद्दल तीव्र खेद व्यक्त केला आहे. ज्या लाकडावर ख्रिस्ताने प्राण ठेवला त्याचे नाव काढून, कापड रंगविणाऱ्या लाकडाचे नाव लोकांच्या तोंडी बसावे, हे सैतानाचेच कृत्य होय, असा त्याचा आशय आहे. बारोस स्वतः लिस्बनच्या ‘कासा द इंडिया’ या व्यापारखात्याचा अधिकारी होता. व्यापाराचा हिशेब ठेवणाऱ्यालाच व्यापारी नावाचा विषाद वाटावा, हे विरोधात्म खरे. पण त्याची तक्रार एका लाकडाच्या जागी दुसरे लाकूड आले एवढीच होती. त्या झाडाला तेथील लोकांच्या भाषेत आधीच एक नाव होते, हा विचार तीत नाही.

भाषेच्या अंगाने आणखी एक गोष्ट नोंदविण्यासारखी आहे. पोर्तुगीजमध्ये देशवाचक विशेषणे सामान्यतः ‘-एस’, ‘-आनो’, ‘-एन्स’ अशा प्रत्ययांनी होतात. ‘-एइरो’ हा प्रत्यय मुख्यतः व्यवसायाचा वाचक आहे. उदाहरणार्थ ‘पेद्रेइरो’ म्हणजे गवंडी. ‘ब्राझिलेइरो’ हा शब्द प्रथम ब्राझीललाकडाचा धंदा करणाराला लावीत, असे भाषाभ्यासक मानतात. आज तो त्या देशाच्या प्रत्येक नागरिकाचे नाव आहे.

(३)

किनाऱ्यावरील तुपी भाषकांत या झाडाचे नाव ‘इबिरापितांगा’ असे होते. ‘इबिरा’ म्हणजे झाड वा लाकूड आणि ‘पितांगा’ म्हणजे तांबडे. रचनेच्या दृष्टीने हे नाव संस्कृत ‘रक्तसार’ या नावाचे सख्खे भावंड शोभावे असे आहे. एकमेकांची वार्ताही नसलेल्या दोन समाजांनी एकाच लक्षणावर बोट ठेवून समानार्थक नावे घडविली, याचे कारण उघड आहे : दोघांनीही झाड तोडून त्याचा गाभा स्वतः पाहिला होता.

पहिल्या काही दशकांत झाडे तोडण्याचे, सोलण्याचे, तुकडे करण्याचे आणि ते किनाऱ्यापर्यंत वाहून आणण्याचे सारे काम तुपी लोकांनीच केले. मोबदल्यात त्यांना कुऱ्हाडी, सुऱ्या, कात्र्या, आरसे, कापड मिळे. येथे एक कार्यकारणसंबंध ध्यानी घेतला पाहिजे. दगडी कुऱ्हाडीने हे कठीण लाकूड तोडणे फार कष्टाचे होते. लोखंडी कुऱ्हाड ही लाकडाची किंमत होती आणि अधिक लाकूड तोडण्याचे साधनही तीच होती. प्रत्येक सौद्याने पुढचा सौदा सोपा होत गेला, आणि किनाऱ्याजवळची झाडे संपताच तोड आतल्या डोंगरांकडे सरकली.

पोर्तुगीजांचा मक्ता फ्रेंचांनी कधीच मानला नाही. नॉर्मंडीतील दिएप व रुआं येथील व्यापारी थेट तुपींशी सौदा करीत. १५५० मध्ये राजा दुसरा हेन्री रुआंला आला तेव्हा सेन नदीच्या काठी ब्राझीलमधील एक गाव उभे करण्यात आले आणि पन्नासच्या आसपास प्रत्यक्ष तुपी माणसांनी नॉर्मन खलाशांसह तेथे लाकूडतोडीचा देखावा करून दाखविला. झाड तोडणारी व ओंडके जहाजावर चढविणारी माणसे कोरलेल्या लाकडी फळ्या रुआंच्या संग्रहालयात आजही आहेत.

या व्यवहाराचे सर्वांत मोलाचे वर्णन ज्यां द लेरी या फ्रेंच धर्मोपदेशकाने केले आहे. तो १५५७-५८ मध्ये आजच्या रिओ द जानेरोच्या परिसरात राहिला. त्याचा ग्रंथ १५७८ साली प्रसिद्ध झाला. त्यात त्याने झाडाचे नाव ‘आराबुतां’ असे नोंदविले आहे; ‘इबिरापितांगा’चेच ते फ्रेंच कानाने ऐकलेले रूप असावे. त्याच ग्रंथात तुपी व फ्रेंच या भाषांतील संवादाचे एक प्रकरण असून त्या भाषेच्या जुन्या साधनांत त्याला महत्त्वाचे स्थान आहे.

लेरीने एका वृद्ध तुपी माणसाशी झालेले बोलणे सांगितले आहे. तुमच्याकडे जाळायला लाकूड नाही काय, म्हणून तुम्ही इतक्या दूर येता, असे वृद्धाने विचारले. लेरीने सांगितले की, लाकूड जाळण्यासाठी नव्हे तर रंगासाठी नेतात. आणि आमच्या देशात एकेक व्यापारी असा आहे की तो एकटाच अनेक जहाजांचा माल विकत घेतो. तो एवढा श्रीमंत माणूस मरत नाही काय, असा वृद्धाचा पुढचा प्रश्न होता. मरतो, असे उत्तर मिळताच, मग मागे राहिलेले कोणाचे, असे त्याने विचारले. मुलांचे, असे ऐकल्यावर तो म्हणाला की, तुम्ही मोठे वेडे आहात. ज्या भूमीने तुम्हांला पोसले ती तुमच्या मुलांना पोसण्यास असमर्थ आहे काय? हे संभाषण लेरीने आपल्या देशबांधवांच्या लोभावर टीका करण्यासाठी लिहिले, हे उघड आहे. तेव्हा त्यातील प्रत्येक शब्द वृद्धाचाच मानण्याचे कारण नाही. परंतु पहिला प्रश्न अस्सल वाटतो. ज्याच्या भाषेत त्या वस्तूचे नाव ‘तांबडे लाकूड’ आहे, त्याला लाकडासाठी समुद्र ओलांडणारा माणूस पाहून जळणाचीच शंका येणार.

(४)

सोळाव्या शतकात एकंदर किती झाडे पडली याचा नेमका हिशेब लागत नाही. या अरण्याचा इतिहास लिहिणाऱ्या वॉरन डीन यांनी १९९५ च्या आपल्या ग्रंथात पहिल्या शतकासाठी सुमारे वीस लाख झाडांचा अंदाज केला आहे. आकडा अंदाजाचा असला, तरी ऱ्हासाची जाणीव त्या काळीच झाली होती याला अव्वल दर्जाचा पुरावा आहे. स्पेन व पोर्तुगाल यांची राजसत्ता एकाच हाती असताना १२ डिसेंबर १६०५ रोजी तिसऱ्या फिलिपने ब्राझीललाकडाविषयी एक आदेश काढला. अमेरिकेतील वनविषयक कायद्यांच्या इतिहासात त्याला मानाचे स्थान दिले जाते. परवान्यावाचून झाड तोडू नये, परवान्यांची नोंद ठेवावी, वर्षाकाठी दहा हजार क्विंटलांहून, म्हणजे आजच्या मापाने सुमारे सहाशे टनांहून, अधिक लाकूड काढू नये, असे त्यात फर्माविले होते. शिक्षा लाकडाच्या वजनाप्रमाणे चढत जात : फटके, अंगोलात हद्दपारी, आणि शंभर क्विंटलांच्या पुढे देहान्त.

या आदेशातील एक कलम विशेष लक्षपूर्वक वाचण्यासारखे आहे. झाडांची राने नष्ट होत चालली असून ती पुन्हा फुटत नाहीत, याची कारणे त्यात दिली आहेत. तोड करताना वाढत्या फांद्या व फुटवे राखले जात नाहीत, हे एक. आणि शेतीसाठी जमीन मोकळी करण्याकरिता मुळांना आग लावली जाते, हे दुसरे. म्हणून यापुढे ब्राझीललाकडाच्या रानांत शेतीसाठी जाळपोळ करू नये, अशी आज्ञा दिली आहे. या निदानात चूक नव्हती. रंगासाठी होणारी तोड निवडक होती. ती झाडामागून झाड हुडकीत जाई, आणि बुंधा जिवंत राहिला तर त्याला धुमारे फुटू शकत. उसाच्या लागवडीसाठी लावलेली आग मात्र सारे रान एकदम संपवीत असे. पुढे साखरेची राब शिजविण्यासाठी पुन्हा त्याच रानाचे सरपण लागे. रंगाच्या व्यापारानेच या झाडाचा निर्वंश केला, असे जे सरसकट विधान केले जाते, ते म्हणूनच अपुरे आहे. व्यापाराने झाड विरळ केले. ऊस, पुढे कॉफी, गुरांची कुरणे आणि वाढती शहरे यांनी त्याची भूमीच काढून घेतली.

आदेशाची अंमलबजावणी कोणत्या अंगाने झाली, हे पाहिले म्हणजे त्याचा खरा हेतू कळतो. वजन, परवाने, मक्तेदार व चोरटा व्यापार यांच्याशी सरकारचा संबंध अखेरपर्यंत राहिला, कारण तिजोरीची बाजू तेथे होती. आगीविषयीच्या कलमाला तसा पाठीराखा नव्हता. ऊसही राजाला उत्पन्न देत होताच.

समुद्रापलीकडे या लाकडाने आणखी एका संस्थेला नाव दिले. ॲम्स्टरडॅममध्ये १५९६ साली उघडलेल्या सुधारगृहात कैद्यांकडून ब्राझीललाकूड किसून त्याची भुकटी करून घेत. अनेक पात्यांची जड करवत दोघांनी मिळून ओढावयाची, असे ते काम होते. लोक त्या तुरुंगाला ‘रास्पहाउस’, म्हणजे किसण्याचे घर, असेच म्हणू लागले. एका टोकाला तुपी लाकूडतोड्या, दुसऱ्या टोकाला डच कैदी, आणि मधल्या सर्व व्यवहारात ते झाड कोणाच्याच दृष्टीस पडत नाही, असे या व्यापाराचे स्वरूप होते.

१८२२ मध्ये ब्राझील स्वतंत्र झाल्यावरही लाकडाची सरकारी मक्तेदारी काही दशके चालूच राहिली. १८५६ मध्ये विल्यम पर्किन याने पहिला कृत्रिम रंग तयार केला. त्यानंतर काही वर्षांतच वनस्पतिजन्य रंगांची बाजारपेठ ढासळत गेली आणि ज्या गुणावरून देशाला नाव पडले, त्या गुणाची किंमत उरली नाही.

(५)

येथे झाडाची सुटका व्हावयास हवी होती. पण दरम्यान त्याचा दुसरा एक गुण हेरला गेला होता. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात पॅरिसमधील फ्रांस्वा झाव्हिए तूर्त या कारागिराने व्हायोलिनच्या गजाला आजचे रूप दिले. रंगासाठी येणाऱ्या ओंडक्यांतच त्याला हवे ते लाकूड सापडले. ते जड असूनही लवचिक होते, उष्णता देऊन वाकविले तर तो बाक टिकवून धरीत होते आणि कंप उत्तम रीतीने वाहून नेत होते. तेव्हापासून उत्तम गज म्हणजे याच लाकडाचा, असा दंडक पडला. गज करणाऱ्यांनी त्याला नवे नाव दिले ते ‘पेर्नांबुको’; ज्या प्रांताच्या बंदरातून ते येई त्याचे ते नाव. कोल्लमच्या बाबतीत जे घडले त्याचीच ही पुनरावृत्ती होय. हे प्रांतनामही सामान्यतः तुपी ‘पराना’, म्हणजे समुद्र वा महानदी, आणि ‘पुका’, म्हणजे फुटलेले, भोक पडलेले, या शब्दांपासून आले असे मानतात. तुपी नाव टाकून दिलेल्या लाकडाला नकळत पुन्हा तुपी नावच मिळाले.

शास्त्रीय नामकरणाचा इतिहासही याच प्रश्नाभोवती फिरतो. लिनियसने १७५३ मध्ये आशियातील पतंगाला ‘सेसालपिनिया सप्पन’ असे नाव दिले. त्यातील ‘सप्पन’ हे मलबार व मलाया येथील स्थानिक नावांशी जुळणारे आहे. लामार्कने १७८५ मध्ये अमेरिकेतील झाडाला ‘सेसालपिनिया एकिनाटा’ म्हटले. ‘एकिनाटा’ म्हणजे काटेरी. अशा रीतीने व्यापाऱ्यांनी एका नावाखाली आणलेली दोन झाडे वनस्पतिशास्त्रानेही एकाच प्रजातीत ठेवली. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ शेव्हरल याने १८०८ मध्ये या लाकडातील रंगद्रव्य वेगळे केले. त्याला ‘ब्राझिलिन’ म्हणतात. ते स्वतः जवळजवळ रंगहीन असते. हवेतील ऑक्सिजनशी संयोग झाला की त्याचे तांबडे ‘ब्राझिलेइन’ बनते. पतंगातही हेच द्रव्य आहे. म्हणजे मध्ययुगीन रंगाऱ्याचे वर्गीकरण त्याच्या कामापुरते अगदी अचूक होते. झाडांच्या वंशाविषयी मात्र ते काहीच सांगत नव्हते. २०१६ मध्ये गान्यों, लिमा, लुईस आदी संशोधकांनी जनुकीय पुराव्यावरून या जुन्या प्रजातीची फोड केली. पतंग ‘बियांकाया’त गेला आणि अमेरिकेतील झाडासाठी ‘पाउब्रासिलिया’ ही स्वतंत्र प्रजाती मांडण्यात आली. तीत सध्या ही एकच जाती आहे. पोर्तुगीज भाषेत ‘पाउ’ म्हणजे लाकूड. बाजारात जन्मलेले नाव शास्त्राने लॅटिन पेहराव चढवून स्वीकारले, आणि ज्याच्यावरून ते बाजारात प्रथम आले त्या पतंगाचा त्याच्याशी असलेला शास्त्रीय संबंध त्याच वेळी संपला.

(६)

७ डिसेंबर १९७८ च्या कायद्याने ब्राझीलने या झाडाला राष्ट्रवृक्ष म्हणून घोषित केले आणि ३ मे हा त्याचा दिवस ठरविला. १९९२ मध्ये त्याचा समावेश देशाच्या संकटग्रस्त वनस्पतींच्या यादीत झाला. १९९८ मध्ये आंतरराष्ट्रीय निसर्गसंरक्षण संघानेही ते संकटग्रस्त ठरविले. वन्य जीवांच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात ते २००७ मध्ये आले. २०२२ मध्ये पनामा येथे भरलेल्या परिषदेत ते अधिक कडक अशा पहिल्या परिशिष्टात घालावे असा प्रस्ताव ब्राझीलने मांडला. वादक व गज करणारे कारागीर यांच्या अडचणी पुढे आल्या. अखेर झाड दुसऱ्याच परिशिष्टात राहिले, परंतु निर्बंध तयार वस्तूंनाही लागू झाले. पूर्ण झालेल्या वाद्यांच्या व त्यांच्या सुट्या भागांच्या पुनर्निर्यातीस मात्र त्यातून सूट मिळाली. गजाला लागणारे लाकूड थोडे, पण ते निवडताना ओंडक्याचा बराच मोठा भाग वाया जातो, आणि गजाच्या योग्यतेला पोहोचण्यास झाडाला काही दशके लागतात. प्रश्नाची ही बाजू कारागीरही नाकारीत नाहीत. त्यांच्यापैकी काहींनी लागवडीच्या कामाला हातभार लावला आहे.

लागवड पुष्कळ झाली आहे. शाळांच्या आवारात, शहरांतील चौकांत, रस्त्यांच्या कडेला हे झाड आता दिसते. तरीही अटलांटिक वर्षारण्याचे मूळ क्षेत्र घटून साधारण आठव्या हिश्श्यावर आले आहे, आणि उरले तेही लहान लहान तुकड्यांत विखुरलेले आहे. शिवाय ‘पाउब्रासिलिया’ या एका नावाखाली पानांच्या आकाराने व जनुकीय घडणीने वेगळे असे अनेक स्थानिक गट आहेत. चौकात लावलेले रोप कोणत्या गटाचे, हे बहुधा कोणी पाहात नाही. एका तुकड्यातील रान गेले तर तेथील गट जातो; त्याची भरपाई दुसरीकडील रोपाने होत नाही. येथेही सामान्य नाव टिकते आणि विशिष्ट झाड नाहीसे होते.

झाडाबरोबर त्याचे पहिले नाव ज्या भाषेत होते, तिचे काय झाले तेही पाहिले पाहिजे. १७५७-५८ च्या सुमारास पोर्तुगीज शासनाने वसाहतीत तुपीपासून बनलेल्या सर्वसामान्य व्यवहारभाषेच्या वापरास बंदी घालून पोर्तुगीज सक्तीची केली. किनाऱ्यावरील तुपी आज बोलली जात नाही. तिचा एक वंशज, न्येंगातू, ॲमेझॉनच्या खोऱ्यात शिल्लक आहे. तथापि तिचे काही शब्द फार दूर जाऊन जगले. तुपी ‘आकाजू’ पोर्तुगीजांच्या जहाजांतून झाडासह गोव्यास आला आणि ‘काजू’ होऊन कोकणी व मराठीच्या संसारात असा मुरला की तो परका आहे हे सांगावे लागते. ‘अननस’ हा शब्दही त्याच कुळातील. फळाबरोबर नाव आले, कारण खाणाऱ्याला फळाचे झाड लावावयाचे होते. ‘इबिरापितांगा’ या शब्दाला तसा प्रवास घडला नाही. रंगाच्या व्यापाऱ्याला झाड लावावयाचे नव्हते. ओंडके हवे होते, आणि ओंडक्यांचे नाव त्याच्यापाशी आधीच तयार होते.

एवढ्यावरून नावामुळे झाड नष्ट झाले असा निष्कर्ष काढणे धाडसाचे होईल. शब्द कुऱ्हाड चालवीत नाहीत. परंतु कशाची नोंद ठेवावयाची, कशावर पहारा बसवावयाचा आणि कशाला शिक्षा करावयाची, हे ठरविताना माणसे आपल्या भाषेतील वस्तुविभागणीच आधाराला घेतात. १६०५ च्या आदेशात ओंडक्यांसाठी वजने होती, पेटवून दिलेल्या रानासाठी कोणतेही माप नव्हते. आजही आंतरराष्ट्रीय वाटाघाटींत मुख्य वाद चालतो तो गजांच्या आणि ओंडक्यांच्या व्यापाराविषयी, आणि तो आवश्यकही आहे. मात्र झाड पुन्हा आपल्या आपण रुजावयाचे असेल, तर त्या जुन्या आदेशातील ज्या कलमाकडे कोणी लक्ष दिले नाही त्याचीच गरज अधिक भासते : ज्या भूमीत ही झाडे वाढतात ती जाळून मोकळी करू नये, आणि बुंध्याला फुटवा येऊ द्यावा.